‘निर्णय घ्या’ या आदेशाची कुळकथा

वरणगावच्या माणसाचा अर्ज नगरपरिषदेत, भुसावळच्या तहसीलमध्ये किंवा जळगावला कलेक्टर कचेरीत अडकला की त्याच्या पिशवीत कागद वाढू लागतात. आवक शिक्का मारलेली स्थळप्रत, पहिलं स्मरणपत्र, दुसरं स्मरणपत्र. कोणी ‘नाही’ म्हणत नाही, ‘हो’ही म्हणत नाही. शेवटी वकील मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट दाखल करतो आणि बहुतेकदा चार ओळींचा आदेश हाती येतो: अर्जावर कायद्यानुसार, गुणवत्तेवर, इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या.

या चार ओळींचं मूळ इंग्लंडात आहे. 1615 साली प्लीमथच्या नगरमंडळाने जेम्स बॅग या सदस्याला काढून टाकलं. नगराध्यक्षाला तो शिव्या घालतो, अशी तक्रार होती. राजाच्या न्यायालयात न्यायाधीश लॉर्ड कोक यांनी त्याला पुन्हा जागेवर बसवायला लावलं. सार्वजनिक कर्तव्य करायला भाग पाडणारा हा हुकूम म्हणजेच मँडॅमस, आपल्याकडचा परमादेश.

भारतात तो आला, पण कापूनछाटून. 1877 च्या विशिष्ट अनुतोष कायद्याने मँडॅमसच बंद केला आणि त्याजागी कलम 45 दिलं. अधिकार फक्त कलकत्ता, मद्रास आणि मुंबई हायकोर्टांना, तोही त्या शहरांच्या हद्दीपुरता. खुद्द सरकारवर आदेश चालत नसे. म्हणजे मुंबईकराला दार किलकिलं, खानदेशातल्या शेतकऱ्याला बंदच. त्या कायद्याची एक अट मात्र आजही टिकून आहे: आधी मागणी केली आणि ती नाकारली गेली, हे दाखवा. पिशवीतल्या स्थळप्रतीला किंमत आहे ती त्यामुळेच.

26 जानेवारी 1950 ला संविधानाच्या अनुच्छेद 226 ने ही कुंपणं काढली. हायकोर्टाच्या हद्दीतल्या कुठल्याही गावचा माणूस सरकारविरुद्धही रिट मागू शकतो. 27 ऑगस्ट 1981 ला औरंगाबादचं खंडपीठ सुरू झालं. जळगाव, धुळे आज त्याच्याच अखत्यारीत आहेत.

मात्र ‘निर्णय घ्या’ या आदेशाने काम होतंच असं नाही. न्यायालय अधिकाऱ्याला निर्णय घ्यायला लावतं, कोणता घ्यायचा ते सांगत नाही. अर्ज फेटाळला तरी आदेशाचं पालन झालंच. शिवाय सी. जेकब खटल्यात 2008 साली सर्वोच्च न्यायालयाने बजावलं की वर्षानुवर्षं झोपलेला दावा निवेदन देऊन जिवंत करता येत नाही आणि न्यायालयांनीही ‘विचार करा’ असे आदेश सरसकट देऊ नयेत.

खरं तर हायकोर्टापर्यंत जायची वेळच यायला नको. बदल्यांचं नियमन आणि दफ्तरदिरंगाईला प्रतिबंध करणारा महाराष्ट्राचा 2005 चा कायदा सांगतो की एका कर्मचाऱ्याकडे फाइल साधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये. तेव्हा अर्ज देताना पोच घ्या, कोणत्या नियमाखाली मागताय ते लिहा, आणि रिट करायचंच असेल तर दावा शिळा होण्याआधी करा.