पंजाब का बेटा: भारतीय स्टंटपटांतील नामवंत घोडा

हॉलीवूडच्या वेस्टर्नपटांत नायकाइतकाच त्याचा घोडाही लोकप्रिय असे. टॉम मिक्सचा टोनी आणि रॉय रॉजर्सचा ट्रिगर ही त्याची ठळक उदाहरणे. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत असा मान ‘पंजाब का बेटा’ या घोड्याला मिळाला.

जे. बी. एच. आणि होमी वाडिया या बंधूंनी १९३३ मध्ये वाडिया मूव्हीटोन ही संस्था स्थापन केली. ‘हंटरवाली’ (१९३५) या चित्रपटाने नादिया स्टंटपटांची राणी झाली. ‘डायमंड क्वीन’मध्ये (१९४०) तिच्या साथीला हा घोडा आणि ‘रोल्सरॉइस की बेटी’ नावाची मोटार होती.

या लोकप्रियतेची दोन कारणे लक्षात घ्यावीत. पहिले, प्रेक्षकांना घोड्यांच्या कसरतींची गोडी सर्कशीने आधीच लावली होती. अश्वविद्येत निपुण असलेल्या विष्णुपंत छत्र्यांनी १८८० मध्ये ग्रेट इंडियन सर्कस सुरू केली. नादियानेही पूर्वी सर्कशीत काम केले होते. दुसरे, १९३१ मध्ये बोलपट आल्यावर प्रेक्षक भाषेनुसार विभागले गेले. घोड्याची दौड मात्र कोणालाही भाषांतराशिवाय कळत होती.

मात्र घोड्याचे नाव गाजले, तरी त्याला शिकवणारे हात पडद्याआडच राहिले. ट्रिगरचे नाव सर्वांना ठाऊक असते. त्याला शिकवणारे आणि पुढे ‘बेन-हर’साठी (१९५९) घोडे तयार करणारे ग्लेन रँडल फारच थोड्यांना. चित्रपटाचा इतिहास अभ्यासताना म्हणूनच श्रेयनामावलीत कोण आहे याबरोबर कोण नाही, हेही विचारले पाहिजे.