हॉबगोब्लिन नक्की कोण? एक मुखवटा आणि चौदा वर्षांचा घोळ

आजचा विषय स्पायडरमॅनच्या दुनियेतला आहे, पण हिरो स्पायडरमॅन नाही. आज बोलायचंय हॉबगोब्लिनबद्दल. नारिंगी झगा, डोक्यावर हूड, वटवाघळासारख्या ग्लायडरवर उभा आणि हातात भोपळ्याचे बॉम्ब. हे तुम्ही पाहिलं असेल. पण मुखवट्याआड कोण, हा प्रश्न सुटायला चौदा वर्षं लागली, आणि तेवढ्यात एका निर्दोष माणसाच्या नावाला काळं फासलं गेलं.

आधी थोडी पार्श्वभूमी. ग्रीन गोब्लिन म्हणजे नॉर्मन ऑसबर्न १९७३ मध्ये मेला. मग त्याचा मुलगा हॅरी गोब्लिन झाला, पुढे हॅरीचा मानसोपचारतज्ज्ञ बार्ट हॅमिल्टन झाला. म्हणजे वेष तोच, माणसं तीन. लेखक रॉजर स्टर्न मालिकेवर आला तेव्हा त्याला चौथा ग्रीन गोब्लिन नको होता. त्याने नवाच खलनायक उभा केला. मार्च १९८३ ची तारीख असलेला 'अमेझिंग स्पायडरमॅन'चा २३८ वा अंक, चित्रकार जॉन रोमिटा ज्युनियर. एका भुरट्या चोराला ऑसबर्नचा जुना अड्डा सापडतो, तो एका अनोळखी माणसाला तिथे घेऊन जातो, आणि तो अनोळखी माणूस चोराचा काटा काढून सगळी सामग्री ताब्यात घेतो. चेहरा मात्र वाचकाला दिसत नाही. सगळी गंमत तिथेच आहे.

आता हा गडी किती सावध आहे बघा. ऑसबर्नला अचाट ताकद देणारं रसायन त्याच्या हाती लागतं, पण त्यानेच ऑसबर्नला वेडही लागलेलं असतं. म्हणून हा ते आधी स्वतः घेत नाही. लेफ्टी डोनोवन नावाच्या गुंडावर प्रयोग करतो, त्यालाच हॉबगोब्लिनचा वेष चढवून स्पायडरमॅनच्या अंगावर सोडतो, आणि काम झाल्यावर मरू देतो. म्हणजे पहिल्याच वर्षी मुखवटा दुसऱ्याच्या डोक्यावर गेला होता. आमच्या भाषेत सांगायचं तर नवा कोड थेट प्रॉडक्शनवर न टाकता आधी टेस्टिंग. फक्त इथे टेस्ट सर्व्हर म्हणजे जिवंत माणूस!

स्टर्नच्या डोक्यात उत्तर पक्कं होतं: रॉडरिक किंग्सली, फॅशनच्या धंद्यातला बेरकी उद्योगपती. हे पात्र स्टर्ननेच १९८० मध्ये आणलं होतं. अडचण एवढीच की एका प्रसंगात किंग्सली आणि हॉबगोब्लिन एकाच ठिकाणी दिसतात. स्टर्नकडे त्याचंही उत्तर होतं: किंग्सलीचा भाऊ डॅनियल, हुबेहूब त्याच्यासारखा दिसणारा. पण ते छापून येण्याआधीच, १९८४ मध्ये स्टर्न मालिका सोडून गेला.

इथून खरा घोळ सुरू होतो. पुढचा लेखक टॉम डिफाल्को. त्याला भावाची युक्ती पटली नाही. त्याने रहस्य ताणलं, संशयाची सुई इकडेतिकडे फिरवली. १९८६ मध्ये तर पीटर पार्करचा मित्र फ्लॅश थॉम्पसन हॉबगोब्लिन म्हणून पकडला गेला, अर्थात तो सापळा होता. मग संपादक जिम ऑसली (पुढे ख्रिस्तोफर प्रीस्ट या नावाने गाजला तोच) आणि डिफाल्को यांचं बिनसलं, आणि डिफाल्को मालिकेतून बाहेर पडला.

ऑसलीने १९८७ च्या 'स्पायडरमॅन व्हर्सेस वूल्व्हरिन'मध्ये बर्लिनला नेड लीड्सचा खून घडवला. नेड म्हणजे 'डेली बगल'चा वार्ताहर, १९६४ पासूनचं पात्र, बेटी ब्रँटचा नवरा. त्याच वर्षी २८९ व्या अंकात पीटर डेव्हिडला रहस्य उलगडायचं होतं, आणि जाहीर झालं: हॉबगोब्लिन नेडच होता. मेलेला माणूस. भांडण नाही, कबुली नाही. फाइलमधले फोटो पाहून स्पायडरमॅनला कळतं. आणि वेष लगेच जेसन मॅकेंडेलकडे, ज्याने नेडचा खून करवून घेतला होता.

वाचकांनी तेव्हाच शंका काढली: ज्याच्या अंगात स्पायडरमॅनशी दोन हात करण्याची ताकद, त्याला साधे मारेकरी खुर्चीला बांधून मारतात कसे? मला वाटतं, हाच या कहाणीतला सगळ्यात महत्त्वाचा बग. तो सगळ्यांना दिसत होता, पण तिकीट दहा वर्षं उघडंच राहिलं.

१९९७ मध्ये स्टर्न परत आला आणि तीन अंकांच्या 'हॉबगोब्लिन लिव्ह्ज'मध्ये त्याने हिशेब चुकता केला. छापून आलेलं त्याने काहीच पुसलं नाही, फक्त त्याचा अर्थ बदलला. बातमीच्या मागावर असलेला नेड किंग्सलीच्या हाती लागला होता. किंग्सलीने त्याच्या डोक्यात भरवलं की हॉबगोब्लिन तूच, आणि त्याला प्याद्यासारखा वापरला. बर्लिनमध्ये मेला तो हा बिचारा. खरा हॉबगोब्लिन मात्र निवांत बसला होता. परत येऊन त्याने सगळ्यात आधी मॅकेंडेलला संपवलं.

मला यात सगळ्यात जास्त आवडते ती बेटी. दहा वर्षं ती एका खलनायकाची विधवा म्हणून जगली. या कथेत ती रडत बसत नाही, शोध घेते आणि नवऱ्याचं नाव धुऊन काढते.

पुढे २०१० च्या दशकात तर कमालच झाली. किंग्सली जुन्या खलनायकांची नावं आणि वेष भाड्याने द्यायला लागला, कमाईत वाटा घेऊन. चक्क फ्रँचायझी! पण विचार केला तर हे त्याचं जुनंच काम आहे. लेफ्टी, फ्लॅश, नेड, सगळ्यांच्या डोक्यावर मुखवटा त्यानेच चढवला आणि बिल त्यांच्या नावावर फाडलं. लेखकांच्या भांडणात तयार झालेला गोंधळ शेवटी त्याचा स्वभाव होऊन बसला.

कधी वाचायचं झालं तर १९८३ चे अंक आधी वाचा आणि मग थेट १९९७ चे. मधले अंक त्यानंतर घ्या, तेव्हा नेडचं प्रत्येक पान वेगळं दिसेल. तुमचा आवडता हॉबगोब्लिन कोणता ते जरूर कळवा. भेटू पुढच्या भागात!