सदर्न, ॲन

सदर्न, ॲन : (२२ जानेवारी १९०९–१५ मार्च २००१). अमेरिकन चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेत्री आणि गायिका. मूळ नाव हॅरिएट आर्लिन लेक. हॉलिवूडच्या संगीतपटांतून घडलेल्या आणि १९५० च्या दशकात दूरचित्रवाणीवर स्वतःच्या बळावर विनोदी मालिका पेलणाऱ्या पहिल्या पिढीतील अभिनेत्रींमध्ये तिचे स्थान महत्त्वाचे आहे.

जन्म नॉर्थ डकोटा राज्यातील व्हॅली सिटी येथे. आई मैफलींत गाणारी सोप्रानो गायिका व गायनशिक्षिका होती. त्यामुळे संगीताचे धडे तिला घरातच मिळाले. शालेय शिक्षण मिनीॲपोलिस येथे झाले. मूकपटांची जागा बोलपट घेत असताना स्टुडिओंना गाऊ शकणारे चेहरे हवे होते. त्याच काळात, १९२९ मध्ये, वॉर्नर ब्रदर्सच्या ‘द शो ऑफ शोज’ मध्ये ती छोट्या भूमिकेत दिसली. पुढे न्यूयॉर्कला जाऊन तिने ब्रॉडवेवर रॉजर्स व हार्ट यांच्या ‘अमेरिकाज स्वीटहार्ट’ (१९३१) या संगीतिकेत काम केले. कोलंबिया स्टुडिओशी करार झाल्यावर तिचे नाव बदलून ॲन सदर्न असे करण्यात आले.

एडी कँटरबरोबर ‘किड मिलियन्स’ (१९३४), मॉरिस शेव्हालिएबरोबर ‘फोली बेर्जेर’ (१९३५) आणि जीन रेमंडबरोबर ‘हुरे फॉर लव्ह’ (१९३५) हे तिचे या काळातील उल्लेखनीय संगीतपट होत. रेमंडबरोबरची तिची जोडी पाच चित्रपटांत आली. ‘ट्रेड विंड्स’ (१९३८) मधील विनोदी भूमिकेमुळे तिला मेट्रो-गोल्डविन-मेयरचा करार मिळाला. मुळात जीन हार्लोसाठी योजलेली, पण तिच्या अकाली निधनाने बाजूला पडलेली ‘मेझी’ ही व्यक्तिरेखा या स्टुडिओने सदर्नला दिली. मेझी ही ब्रुकलिनची नर्तकी. हाती पैसा नाही, पण तोंडात उत्तर तयार. १९३९ ते १९४७ या काळात तिच्यावर दहा चित्रपट निघाले आणि रेडिओ मालिकाही झाली. ‘लेडी बी गुड’ (१९४१) मध्ये सदर्नने गायिलेल्या ‘द लास्ट टाइम आय सॉ पॅरिस’ या गीताला सर्वोत्कृष्ट गीताचे ऑस्कर मिळाले. हे गीत मुळात त्या चित्रपटासाठी रचलेले नव्हते. त्यावरून वाद झाला आणि पुढे या पुरस्काराचा नियमच बदलण्यात आला. ‘पॅनामा हॅटी’ (१९४२) मध्ये ती नायिका होती, तर ‘नॅन्सी गोज टू रिओ’ (१९५०) मध्ये तिने तरुण नायिकेच्या आईची भूमिका केली. मधल्या काळात ‘अ लेटर टू थ्री वाइव्ह्ज’ (१९४९) ने तिच्या गंभीर अभिनयाची साक्ष दिली.

यानंतर संसर्गजन्य कावीळ होऊन ती दीर्घकाळ आजारी पडली आणि स्टुडिओचा करार संपला. त्याच सुमारास दूरचित्रवाणी घरोघरी पोहोचत होती व चित्रपटगृहांतील गर्दी ओसरत होती. १९५३ मध्ये सीबीएसवर ‘प्रायव्हेट सेक्रेटरी’ ही मालिका सुरू झाली. तीत ती सूझी मॅक्नामारा ही न्यूयॉर्कमधील नाट्य-चित्रपट दलालाची सेक्रेटरी झाली. मालकाची भूमिका डॉन पोर्टरने केली. त्या काळातील बहुतेक विनोदी मालिका गृहिणीभोवती फिरत असताना सूझी अविवाहित, कमावती आणि कामात मालकापेक्षा तरबेज होती. मेझीचा हजरजबाबीपणा आणि संगीतपटांत कमावलेली लयीची जाण या व्यक्तिरेखेत उतरली. मालिका फिल्मवर चित्रित होत असल्याने तिचे पुनःप्रक्षेपण शक्य होते व त्यातून उत्पन्न मिळत राहणार होते. या नफ्यातील वाट्यावरून निर्मात्याशी तिचा वाद झाला आणि १९५७ मध्ये मालिका थांबली.

गाणेही तिने सोडले नाही. कुर्ट वाइल यांचे संगीत असलेल्या ‘लेडी इन द डार्क’ या संगीतिकेच्या १९५४ मधील रंगीत दूरचित्रवाणी प्रयोगात ती नायिका होती. ‘द ॲन सदर्न शो’ (१९५८–६१) या पुढच्या मालिकेत तिने हॉटेलच्या साहाय्यक व्यवस्थापिकेची भूमिका केली. मालिकेचे ९३ भाग झाले. १९५९ मध्ये तिला गोल्डन ग्लोब पुरस्कार लाभला. ‘किड मिलियन्स’ पासूनची सहकारी ल्युसिल बॉल हिच्या मालिकांतही ती पाहुणी कलाकार म्हणून आली.

१९७४ मध्ये रंगमंचावर नेपथ्याचा भाग अंगावर पडून तिच्या पाठीच्या कण्याला इजा झाली. चालताना काठीचा आधार घ्यावा लागला, तरी तिने अभिनय थांबविला नाही. ‘द व्हेल्स ऑफ ऑगस्ट’ (१९८७) मध्ये लिलियन गिश व बेटी डेव्हिस यांच्यासमवेत केलेल्या भूमिकेसाठी तिला साहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर नामांकन मिळाले. सुमारे सहा दशकांच्या कारकिर्दीतील हे तिचे एकमेव ऑस्कर नामांकन आणि अखेरचा चित्रपट. केचम (आयडाहो) येथे वयाच्या ९२ व्या वर्षी तिचे निधन झाले.