कढईपासून फॉइलपर्यंत: खडकीतल्या एका रात्रीचा घटनाक्रम

मे महिन्यातला शुक्रवार. रात्रीचे ११ वाजून १० मिनिटं. पुण्यातल्या खडकी बाजारामागच्या दोन खोल्यांच्या घरात, न्हाणीत बसलेल्या एकवीस वर्षांच्या मुलीच्या डोक्यावरच्या फॉइलमधून वाफ निघते आहे. उद्या तिच्या ताईची हळद, परवा लग्न.

मुलगी, ताई आणि हे घर मी कल्पिलेलं आहे. त्या फॉइलमधली रसायनं आणि ती केसांचं जे करतात, ते मात्र कल्पित नाही. हा क्रम मांडावासा वाटतो, कारण असं काही झालं की घरचे शेवटच्या अर्ध्या तासालाच दोष देतात. 'जास्त वेळ ठेवलं', 'फार कडक औषध घेतलं'. ते खरंच असतं, पण फार उशिराचं असतं.

तीन वर्षं आधी

केस महिन्याला साधारण सेंटिमीटरभर, फार तर सव्वा सेंटिमीटर वाढतो. या मुलीचे केस पाठीच्या मध्यापर्यंत आहेत. म्हणजे आज ज्या टोकांना सोनेरी करायचं आहे, ती टोकं ती बारावीत असताना डोक्यातून बाहेर पडली. केसाचा बाहेर आलेला भाग जिवंत नसतो. त्वचेसारखा तो स्वतःला दुरुस्त करत नाही, की अंगावर चढलेलं काही टाकून देत नाही.

त्या वर्षीपासून घरात दर दोन महिन्यांनी मेहंदी भिजते. आई ती लोखंडी कढईत भिजवते: चहाचं उकळलेलं पाणी, आवळा पावडर, चमचाभर कात, आणि रात्रभर झाकण. सकाळी कढईच्या कडेला मेहंदी काळी पडलेली असते. आईची ही रीत अगदी बरोबर आहे. चहा, आवळा आणि कात या तिन्हींत टॅनिन असतं. टॅनिन आणि लोह एकत्र आले की काळा रंग तयार होतो, जुन्या काळी लिहिण्याची काळी शाई याच मेळातून करत. केसांवर तो छान बसतो. ज्या केसांना पुढे कधीच ब्लीच लागणार नाही, त्यांच्यासाठी यात काही वावगं नाही.

पण त्या रंगाबरोबर थोडं लोहही केसांत जातं. पुढे कॉलेजच्या गॅदरिंगच्या वेळी मुलीने 'काळी मेहंदी'च्या तयार पुड्याही वापरल्या. अशा पुड्यांत मेहंदीच्या पानापेक्षा रसायनाचं काम जास्त असतं. बऱ्याच पुड्यांत पीपीडी म्हणजे पॅराफिनायलिनडायअमिन हा रंग असतो, काहींत धातूंचे क्षार. विकत घेणाऱ्याला पाठीमागचा बारीक मजकूर वाचून ते कळेलच असं नाही.

थर चढत गेले. मुळांकडचे केस नवे, त्यांच्यावर एखादाच थर. टोकांवर मात्र पंधरा-सोळा.

तीन दिवस आधी, मंगळवार

मोबाइलवर एक व्हिडिओ. परदेशातली एक बाई आरशासमोर बसून ब्रशने केसांवर फटकारे मारते आणि पाऊण तासाने तिच्या केसांत ऊन उतरल्यासारखं दिसतं. याला बलायाज म्हणतात. १९७०च्या दशकात पॅरिसच्या सलूनांतून ही पद्धत वर आली. त्याआधी छिद्रांच्या टोपीतून केस ओढून काढत, किंवा एकेक बट फॉइलमध्ये गुंडाळत. इथे हात मोकळा असतो: बटेच्या टोकाला मिश्रण भरपूर, वर जाताना ब्रश हलका, आणि मुळांच्या बरंच खाली तो उचललेला. औषध टाळूला लागतच नाही. म्हणून शिकलेल्या हातात ही केस उजळवण्याची सौम्य रीत आहे, हे मी आग्रहाने सांगेन. नाव बदनाम करण्याचं कारण नाही.

व्हिडिओतल्या बाईचे केस मुळात फिकट तपकिरी आहेत. केशरंगाच्या कामात १ म्हणजे काळाभोर आणि १० म्हणजे अगदी फिकट सोनेरी अशी पट्टी वापरतात. त्या बाईचे केस सुरुवातीलाच सहाच्या आसपास, आपल्याकडचे बहुतेक केस १ किंवा २. काळा केस उजळताना थेट सोनेरी होत नाही. आधी तांबडा, मग तांबूस-नारिंगी, मग नारिंगी, मग पिवळा. मधाच्या रंगाला पोचायचं तर या सगळ्या पायऱ्या चढाव्या लागतात. जाणकार कारागीर त्यासाठी दोन-तीन बैठका घेतो आणि मध्ये काही आठवडे जाऊ देतो.

मुलीच्या हाती तीन दिवस आहेत.

४८ तास आधी, बुधवार रात्र

ॲलर्जी आहे का ते पाहायला कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूला थेंबभर मिश्रण लावून ४८ तास थांबायची ही वेळ. सामान अजून घरात आलेलंच नाही.

शुक्रवार, दुपारी ४

बाजारातून दोन वस्तू येतात. एक निळसर पावडर आणि एक पांढरी दाट डेव्हलपरची बाटली. डेव्हलपर म्हणजे हायड्रोजन पेरॉक्साइड. बाटलीवर १०, २०, ३० किंवा ४० 'व्हॉल्यूम' असा आकडा असतो. त्यातलं पेरॉक्साइड अनुक्रमे ३, ६, ९ आणि १२ टक्के. दुकानदार म्हणतो, "काळ्या केसांना चाळीसच लागतं." युरोपात केसांच्या उत्पादनात १२ टक्क्यांच्या वर पेरॉक्साइड चालतच नाही. म्हणजे मुलीने पहिल्याच प्रयोगाला मर्यादेच्या कडेवरची बाटली घेतली. १८६७ साली पॅरिसच्या प्रदर्शनात थिएले या रसायनज्ञाने आणि ह्यूगो या केशकाराने पेरॉक्साइडने केस उजळून दाखवले, तेव्हा त्यांचं द्रावण ३ टक्क्यांचं होतं.

पावडरीत पर्सल्फेटं असतात, अमोनियमची आणि पोटॅशियमची. पावडर पेरॉक्साइडमध्ये मिसळली की मिश्रण अल्कधर्मी होतं, केसाचे खवले उघडतात, आणि ऑक्सिडेशनने आतलं मेलॅनिन तुटू लागतं. मेलॅनिनबरोबर केसाला ताकद देणारे गंधकाचे बंधही तुटतात. एकाला हात लावून दुसऱ्याला सोडेल असं ब्लीच अजून निघालेलं नाही.

"तोंडाला लावतो तेच की," आत्या म्हणते. चेहऱ्याचं क्रीम-ब्लीच आणि हे, दोन्हींना घरात एकच नाव आहे. ताकद एक नाही.

संध्याकाळी ७:३०

घर भरलेलं. संगमनेरहून मामा-मामी, मुलाबाळांसह. संध्याकाळचं पाणी येऊन गेलं. टाकी भरली होती, पण उन्हातून आलेल्या पाहुण्यांनी आंघोळी केल्या. टाकीत किती उरलंय हे कोणी पाहिलेलं नाही. या घटनाक्रमातली ही सगळ्यात साधी नोंद आहे, आणि मला वाटतं सगळ्यात महागात पडलेली.

रात्री ९:२५

न्हाणीचं दार लावून ती मिश्रण करते. भांडं प्लॅस्टिकचं घेते, हातमोजे घालते. व्हिडिओत हे सांगितलं होतं आणि ते तिने नीट केलं. पावडर हवेत उडते. अमोनियाच्या वासाने डोळ्यांत पाणी, दोनदा खोकला. पर्सल्फेटच्या धुळीने दमा जडतो, हे पार्लरमध्ये वर्षानुवर्षं काम करणाऱ्यांच्या बाबतीत डॉक्टरांना चांगलं ठाऊक आहे. बंद न्हाणी या कामाची जागा नव्हे. पण बाहेर पाहुणे आहेत.

तिचे वडील ॲम्युनिशन फॅक्टरीत आहेत. १८६९पासून हा कारखाना खडकीत आहे. १९४० साली हाय एक्सप्लोझिव्ह्ज फॅक्टरी आली. इथल्या कितीतरी घरांत दोन-तीन पिढ्या दारूगोळ्याच्या कामात गेल्या. काड्यापेटी फाटकाच्या आत न्यायची नाही, हे इथलं पोरही जाणतं. ऑक्सिडायझर कशाच्या सान्निध्यात ठेवायचा आणि कशाच्या नाही, हे वडिलांनी नोकरीभर पाळलं. पर्सल्फेट आणि पेरॉक्साइड, दोन्ही ऑक्सिडायझर. दार उघडं असतं आणि त्यांनी बाटली हातात घेतली असती, तर त्यांनी विचारलं असतं, "हे कशावर लावणार? त्यावर आधी काय होतं?" ते आज हॉलवर मांडव बघायला गेले आहेत.

९:४० ते १०:२०

पुढच्या बटा छान होतात. चेहऱ्याच्या दोन्ही बाजूंना, डोळ्यांना दिसणाऱ्या भागात, फटकारे पातळ आणि नीट पडतात. मग पाठीमागची पाळी. बलायाजचा सगळा भरवसा नजरेवर आहे: कुठे ब्रश उचलायचा, कुठे दाबायचा. स्वतःच्या डोक्याच्या मागे कोणाला नजर नसते. दोन आरसे धरून पाहिलं तर हात गोंधळतो. मामेबहिणीला आत बोलावलं जातं. ती ब्रश पूर्ण भरते आणि टाळूपर्यंत नेते.

मिश्रण पातळ झालं आहे. मोकळ्या हाताच्या कामाला ते दह्याच्या चक्क्याइतकं घट्ट लागतं, म्हणजे लावलं तिथेच राहतं. हे ओघळून मानेच्या वरच्या खोलगट भागात साचतं.

१०:२०

केस मधाळ नाहीत, विटकरी आहेत. टोकं तर अजून काळीच. पंधरा थरांखाली मेलॅनिन दडलेलं आहे आणि ब्लीच आधी त्या थरांशी झगडतं आहे. इथे थांबून सगळं धुतलं असतं, तर मुलगी हळदीला विटकरी बटा घेऊन उभी राहिली असती, थोडी हिरमुसून. बस्स.

ती किचनमधलं फॉइल आणते, मागचे सगळे केस त्यात गुंडाळते आणि वरून हेअर ड्रायर लावते. दिवसभराच्या उन्हाने न्हाणीच्या भिंती अजून तापलेल्या आहेत.

१०:५०

"चुणचुणतंय," ती म्हणते. मामेबहीण म्हणते, "म्हणजे काम करतंय." हा समज फार पसरलेला आहे आणि फार घातक आहे. टाळूला चुणचुण म्हणजे मिश्रण जिथे नको तिथे पोचलं आहे. त्यापुढची खूण याहून स्पष्ट असते: ड्रायर बंद करून फॉइलला हात लावावा. ते स्वतःहून गरम होत असेल, तर उष्णता आता आतून येते आहे.

लोह आणि तांबं यांचे क्षार पेरॉक्साइडचं विघटन वेगाने घडवून आणतात. लोह आणि पेरॉक्साइडचा हा जोरकस संबंध इंग्रज रसायनज्ञ फेंटन याने १८९४ साली मांडला. त्याच्या नावाने ती अभिक्रिया आजही शिकवतात. विघटनात उष्णता निघते, उष्णतेने विघटन आणखी वाढतं. उघड्या हवेत ती उष्णता निसटून गेली असती आणि मिश्रण वाळून आपोआप मंद झालं असतं. फॉइलमध्ये तिला वाट नाही. कढईतलं लोह, पुडीतले क्षार, चाळीसची बाटली, फॉइल आणि ड्रायर पहिल्यांदाच एका जागी आले आहेत.

वीस मिनिटं अजून हातात आहेत. ती गाणं लावते.

११:१०

वाफ. मग किंकाळी. मामी दार ढकलते. फॉइल ओढून काढताना तिची बोटं भाजतात. नळ सोडला जातो. थोडं पाणी, मग नुसती हवा.

११:१२

स्वयंपाकघरातून हंडा येतो, मग उद्यासाठी भरून ठेवलेलं पिंप. तांब्या-तांब्याने डोक्यावर पाणी. शेजारी दोन बादल्या घेऊन धावत येतात. खडकीच्या गल्लीत हे होतं, आणि त्या रात्री मुलीची जी काही टाळू वाचली ती शेजाऱ्यांच्या बादल्यांनी. अल्काने भाजलेली त्वचा वरवर बरी दिसली तरी आत खोल जाळत राहते. म्हणून किमान वीस मिनिटं वाहतं पाणी हवं. ते तुटक-तुटक मिळालं.

पाण्याबरोबर केस हातात येतात. ओल्या बटेला ओढ दिली की ती ताणत जाते आणि मग आवाज न करता तुटते. गंधकाचे बंध उरलेले नाहीत.

११:४०

"दही लावा." "लिंबू पिळा, उतरेल." "टूथपेस्ट." प्रत्येक जण प्रेमानेच सांगतो आहे. आई यातलं काहीही लावू देत नाही, हे तिचं केवढं शहाणपण. अल्कावर लिंबू पिळून उतारा करायला गेलं, तर भाजलेल्या जागेवर आणखी एक दाह चढतो. त्या वेळी पाण्याशिवाय दुसरं काही नको. आई आणखी एक गोष्ट नीट करते: पावडरचं पाकीट आणि बाटली पिशवीत टाकते. ससून रुग्णालयात डॉक्टर पहिल्यांदा तेच विचारतात, काय लावलं आणि किती वेळ.

शनिवार, सकाळी ९

मानेच्या वर, तळहाताच्या निम्म्याएवढा भाग खोल भाजला आहे. हायलाइटच्या वेळी नेमकी हीच जागा भाजल्याच्या, काही रुग्णांना त्वचारोपण करावं लागल्याच्या नोंदी वैद्यकीय नियतकालिकांत आहेत. फॉइलखाली मिश्रण साचतं ते इथेच. केसाची मुळं त्वचेत खोलवर असतात. भाजणं तिथवर गेलं असेल तर त्या जागी पुन्हा केस येणार नाहीत. गेलं की नाही, हे कळायला काही आठवडे लागतील. बाकीचे केस हनुवटीपर्यंत कापावे लागतील, ते वाढून येतील.

केस कापायला गल्लीतली पार्लरवाली घरीच येते. ती रागवत नाही. जमिनीवर पडलेली एक काळी बट उचलून, जपून ठेवलेली बाटली मागवते, वाटीत थोडं पेरॉक्साइड आणि अमोनियाचे काही थेंब घेऊन बट त्यात बुडवते. मुलीला बघायला सांगते. काही मिनिटांत बटेभोवती बुडबुडे येतात, वाटीचा तळ कोमट होतो.

"तू मंगळवारी माझ्याकडे आली असतीस," ती म्हणते, "तर अर्ध्या तासात मला हे दिसलं असतं, आणि मी तुझं काम घेतलं नसतं."