गाव बुडालं ते भर दिवसा

गणपतीतल्या एका रात्रीच्या खेळाचा घटनाक्रम

रात्री ८:०० : अंताला तीन तास

आरती झाली, मोदक वाटून झाले, बाहेर भाद्रपदातली सर कौलांवर वाजत होती. रत्नागिरीतल्या आमच्या घरी गणपतीत जागरणाला पत्ते निघतात. या वर्षी डोंबिवलीहून आलेल्या चुलतभावाने ‘माफिया’ खेळायचा हट्ट धरला. माजघरात सतरंजी पडली, आठ जण गोल करून बसले. मी सूत्रधार.

मॉस्को विद्यापीठात मानसशास्त्र शिकणाऱ्या दिमित्री दाविदोवने १९८०च्या दशकाच्या उत्तरार्धात हा खेळ रचला. १९९७ मध्ये अँड्र्यू प्लॉटकिनने त्यातल्या माफियांचे माणसांत लपलेले लांडगे केले. २०२०च्या टाळेबंदीत ‘अमंग अस’ या नावाने तीच कल्पना मोबाइलवरून घरोघर पोचली. राजा-राणी-चोर-शिपाईच्या चिठ्ठ्यांवर वाढलेल्यांना माफिया समजायला वेळ लागत नाही. मोठा फरक एवढाच की तिथे एकटा शिपाई चोर ओळखतो आणि इथे सगळ्या गावाने मिळून ओळखायचा असतो.

८:२० : दोन तास चाळीस मिनिटं

चिठ्ठ्या वाटल्या. दोन खुनी, एक पोलीस पाटील, एक वैद्य, चार साधे गावकरी. रात्री सगळ्यांनी डोळे मिटायचे. खुनी खुणेने एक बळी ठरवतात, वैद्य एकाला वाचवू शकतो, पोलीस पाटील एकाकडे बोट दाखवतो आणि तो खुनी आहे की नाही ते सूत्रधार मानेने सांगतो. दिवस उजाडला की चर्चा, मग हात वर करून बहुमताने एकाला गावाबाहेर काढायचं. बाहेर गेलेल्याची चिठ्ठी उघडते, पण त्याला बोलता येत नाही. खुनी आणि उरलेले गावकरी संख्येने बरोबर झाले की गाव बुडालं.

या खेळाचा गाभा म्हणजे माहितीची विषम वाटणी. मूठभरांना सगळं ठाऊक असतं आणि ते एकमेकांना ओळखतात. बहुसंख्यांना फक्त स्वतःची चिठ्ठी ठाऊक असते.

त्या रात्री खुन्याच्या चिठ्ठ्या गेल्या आत्याकडे आणि ताईच्या इंजिनिअरिंगला असलेल्या मुलाकडे, म्हणजे माझ्या भाच्याकडे. शेजारचे तात्या पोलीस पाटील, दादा वैद्य. काका, ताई, चुलतभाऊ आणि त्याची बायको, आमची नवी वहिनी, हे गावकरी. वहिनी साताऱ्याची, सासरचा हा तिचा पहिलाच गणपती.

८:४० : दोन तास वीस मिनिटं

पहिली रात्र. खुन्यांनी चुलतभावाला निवडलं. खेळ जाणणारा तोच एक होता, तेव्हा निवड बिनचूक. दादाने स्वतःलाच वाचवलं. तात्यांनी काकांकडे बोट दाखवलं. मी नकारार्थी मान हलवली.

९:०० : दोन तास

दिवस उजाडला. आठाचे सात झाले, त्यात दोन खुनी. वैद्य आणि पोलीस पाटील बाजूला ठेवून, रोज डोळे झाकून कुणालाही बाहेर काढायचं असं धरलं, तर इथून खुनी जिंकण्याची शक्यता ३५ पैकी २७ भरते, म्हणजे सुमारे ७७ टक्के. गावाच्या हाती या आकड्याविरुद्ध एकच शस्त्र असतं: नीट ऐकणं.

“नवऱ्याला कोण मारणार? बायकोच,” ताई म्हणाली. सगळे हसले. दोन मिनिटांत तोच विनोद संशय झाला. वहिनी बोलत नाही. वहिनी खाली बघतेय. भाचा म्हणाला, “मामी मघापासून पदराशी चाळा करतायत.”

“सूनबाई, तू बोल गं काहीतरी,” आत्या मायेने म्हणाली.

वहिनी म्हणाली, “मी नाही मारलं.” एवढंच.

९:२० : एक तास चाळीस मिनिटं

काकांनी विचारलं, “पुरावा काय? गप्प बसणं हा गुन्हा आहे का?” तात्या म्हणाले, “काका बरोबर बोलतायत.” काका स्वच्छ आहेत हे त्यांना ठाऊक होतं, पण ओळख उघड केली तर रात्री आपलाच नंबर, म्हणून त्यापुढे ते गेले नाहीत.

मत घेतलं. पहिला हात ताईचा, मग दादाचा, मग भाच्याचा. सातात चार हवे होते. आत्याने क्षणभर थांबून, जड मनाने घेतल्यासारखा, चौथा हात वर केला. वहिनीने चिठ्ठी उलटली: गावकरी.

माझ्या मते गाव इथेच बुडालं, पुढचं सगळं त्याचा परिणाम आहे. या मतात एक खुनी सापडला असता, तर नुसत्या नशिबावरही खुन्यांची शक्यता ५३ टक्क्यांवर आली असती. निरपराध गेल्याने ती ८७ टक्क्यांवर चढली. आणि पहिले दोन हात खुन्यांचे नव्हते. आरोपाची सुरुवात खुन्यांनी केलीच नाही. गावाने ठरवलेल्या गोष्टीला त्यांनी फक्त शेवटचा हातभार लावला.

९:४० : एक तास वीस मिनिटं

दुसरी रात्र. खुन्यांनी काकांना उचललं, कारण प्रश्न विचारणारा माणूस त्यांना सर्वात आधी नको असतो. दादाने पुन्हा स्वतःलाच वाचवलं. तात्यांचं बोट या वेळी आत्याकडे गेलं. मी होकारार्थी मान हलवली.

१०:०० : एक तास

उरले पाच : आत्या, भाचा, ताई, दादा, तात्या. तीन विरुद्ध दोन. तात्यांनी आता लपणं सोडलं. “मी पोलीस पाटील. पहिल्या रात्री काकांना तपासलं, ते स्वच्छ होते. काल रात्री आत्यांना तपासलं. खुनी त्या आहेत.”

आत्याचा आवाज जराही हलला नाही. “पोलीस पाटील मी आहे. मी तात्यांना तपासलंय.”

दोघांपैकी एक खोटं बोलतंय, आणि साध्या गावकऱ्याला असं खोटं बोलण्याचं कारण नसतं. म्हणजे खोटं बोलणारा खुनीच. ताई आणि दादा यांनी योग्य निवड केली, तर गाव अजून तरतं.

१०:३० : अर्धा तास

निवडीला आधार होता. तात्या काल दिवसभर काकांच्या बाजूने उभे होते आणि काकांची चिठ्ठी गावकऱ्याची निघाली होती. आत्याने आपली ओळख सांगितली ती आरोप झाल्यानंतर. दादाने नेमका प्रश्न विचारला: “काल वहिनीविरुद्ध चौथा हात कुणाचा होता?”

कुणाला आठवेना. मी सूत्रधार, मला बोलायची मुभा नव्हती. काका आणि वहिनी खेळातून बाद होते. “सगळ्यांनीच केले होते ना,” भाचा म्हणाला. चार जणांनी हात वर केले होते, तिघांनी नाही. एका तासात त्याचे ‘सगळे’ झाले होते.

ताईसमोर एका बाजूला सख्खी आत्या आणि पोटचा मुलगा, दुसऱ्या बाजूला शेजारी. “तात्या, राग मानू नका,” ती म्हणाली.

१०:५० : दहा मिनिटं

तात्यांविरुद्ध तीन हात, आत्याविरुद्ध दोन. तात्यांनी चिठ्ठी उलटली. दादाने कपाळावर हात मारला.

११:०० : अंत

दोन खुनी, दोन गावकरी. गाव संपलं.

बंदी उठल्यावर वहिनी सविस्तर बोलली. पहिल्या सकाळी डोळे उघडल्यावर सगळ्यांनी कोण मेलं ते पाहिलं. भाच्याने आधी आत्याकडे पाहिलं. समोर बसलेल्या वहिनीला ते स्पष्ट दिसलं होतं. पण सासरच्या पहिल्याच गणपतीत, सगळ्यांदेखत, आत्यांकडे बोट कसं दाखवायचं? त्या पहिल्या दिवशी गावाजवळ खुन्यांकडे नेणारा एकच धागा होता आणि तो जिच्या हाती होता तिलाच गावाने आधी बाहेर काढलं.

हा खेळ मी मनापासून मानतो तो याचसाठी. गावाने मिळून एकाला बाहेर काढणं ही कोकणाला मॉस्कोहून कळलेली गोष्ट नाही. गावकीच्या बैठकीत कुटुंबं वाळीत टाकल्याच्या तक्रारी शेजारच्या रायगड जिल्ह्यातून इतक्या आल्या, जातपंचायतींविरुद्ध अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी इतकं रान उठवलं, की महाराष्ट्राने २०१६ मध्ये सामाजिक बहिष्काराविरुद्ध स्वतंत्र कायदा केला. तो जुलै २०१७ मध्ये लागू झाला. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही. त्यानंतर वर्षभरातच, १ जुलै २०१८ला, धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवर जमावाने पाच भटक्या गोसाव्यांना ठेचून मारलं. ते त्या गावाला अनोळखी होते. तिथे हात मोजायलाही कुणी थांबलं नाही.

आमच्या सतरंजीवर सगळे एकमेकांना जीव लावणारे होते, आणि तरीही पहिला संशय नव्या माणसावर गेला, दुसरा शेजाऱ्यावर. त्यासाठी मनात द्वेष असावा लागला नाही. घाई, हशा आणि आपल्या माणसावरचा विश्वास एवढं पुरलं.

म्हणून आता आमच्याकडे तीन नियम आहेत. आरोप करणाऱ्याने कारण सांगायचं, आणि ‘गप्प आहे’ हे कारण धरायचं नाही. ज्याच्यावर आरोप आहे त्याला शेवटी पूर्ण वेळ बोलू द्यायचं, मध्ये कुणी हसायचं नाही. आणि कुणी कुणाविरुद्ध हात वर केला ते वहीत लिहून सगळ्यांसमोर ठेवायचं. गावकी असो, सोसायटीची सभा असो की कुटुंबाचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप, हे तीन नियम तिथेही लागू करता येतात. कायदा बहुतेकदा बहिष्कार पडल्यावर दाराशी येतो. हात वर जाण्याआधी बहिष्काराला थांबवण्याचं काम शेजारी बसलेल्याचं आहे, आणि ते लहानपणी, खेळातच शिकलेलं बरं.