वैराण मुलखातील संग्राहक

ज्या मनुष्याला उद्याच्या पाण्याची शाश्वती नाही, ज्याच्या पाठीवरच्या ओझ्यात काडतुसे, मलमपट्टी आणि शिळ्या डब्यांतील अन्न यांखेरीज कशालाही जागा असू नये, आणि ज्याच्या मुलखातील सरकार, न्यायालये, टपाल व टांकसाळ ही सर्व एका दिवसात भस्मसात झाली आहेत, अशा मनुष्याने एका पडक्या कचेरीत केवळ मान डोलविणाऱ्या एका बाहुलीसाठी जीव धोक्यात घालावा, हे वर्तन व्यवहाराच्या कोणत्याही कसोटीस उतरणारे नाही. तथापि प्रलयोत्तर जगावर रचलेल्या व्हिडिओ गेममध्ये ही प्रथा इतकी खोल रुजली आहे की, जगण्यासाठी लागणाऱ्या वस्तू गोळा करण्यात खेळाडूचा जितका काळ जातो, तितकाच किंबहुना त्याहून अधिक काळ निरुपयोगी दुर्मिळ वस्तूंच्या शोधात जातो. या प्रथेला आता स्वतःचा इतिहास आहे, आणि तो पाहावयाचा तर ‘फॉलआउट’ या मालिकेइतके भरभक्कम दप्तर दुसरीकडे क्वचितच सापडेल.

इंटरप्ले या कॅलिफोर्नियातील कंपनीने १९८८ साली ‘वेस्टलँड’ नावाचा खेळ सिद्ध केला होता. अणुयुद्धानंतरच्या वाळवंटात हिंडणाऱ्या रेंजरांची ती कथा. त्याच परंपरेत, टिम केन आणि लिओनार्ड बोयार्स्की यांच्यासारख्यांच्या हातून, १९९७ साली पहिला ‘फॉलआउट’ अवतरला. या कथेतील जग २३ ऑक्टोबर २०७७ रोजी अमेरिका व चीन यांच्या अणुयुद्धात संपते, आणि नायक २१६१ साली व्हॉल्ट १३ या भूमिगत आश्रयस्थानातून पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्राचा एक सुटा भाग आणण्यासाठी बाहेर पडतो. मुदत १५० दिवसांची. अशा घाईत संग्रहाची हौस कोण करणार? त्यामुळे या पहिल्या खेळात दुर्मिळ वस्तू ही शोधाची नव्हे, दैवाची बाब होती. खेळाडूच्या अंगी ज्या सात गुणांची वाटणी करावयाची असे त्यांत ‘नशीब’ हा एक गुण होता, आणि तो ज्याच्याजवळ पुरेसा असे त्याला वाळवंटातून जाताना क्वचित एखादी कोसळलेली उडती तबकडी आढळे. तिच्याजवळ परग्रहावरील पिस्तूल आणि मखमलीवर रंगविलेले एल्व्हिस प्रेस्लीचे चित्र. पिस्तुलाचा उपयोग उघड होता. चित्राचा काहीही नव्हता, आणि तरी खेळाडूंच्या स्मरणात दोन्ही सारखीच टिकली.

या जगाचे चलनही एका अर्थाने संग्रहाचीच वस्तू होते. हब या पेठेतील व्यापाऱ्यांनी सोड्याच्या बाटल्यांची बुचे, म्हणजे कॅप्स, नाणी म्हणून रुजू केली आणि त्यांच्यामागे सोन्याऐवजी पाण्याची हमी उभी केली. बुचे घडविणारे कारखाने नष्ट झालेले असल्याने नवे नाणे पाडणे कठीण, हाच त्या चलनाचा खरा आधार होता. १९९८ च्या दुसऱ्या खेळात नव्या कॅलिफोर्निया प्रजासत्ताकाने सोन्याची नाणी चालविली आणि बुचे केराच्या मोलाची झाली. परंतु ‘न्यू व्हेगास’ या २०१० च्या खेळात आपल्याला कळते की, प्रजासत्ताकाचे सुवर्णकोठार शत्रूने उद्ध्वस्त केल्यावर व्यापाऱ्यांनी पुन्हा बुचांचाच आश्रय घेतला. याच खेळात क्रिम्झन कॅरव्हॅन ही व्यापारी पेढी नायकाला एका जुन्या शीतपेयाच्या कारखान्यात धाडते, ते तेथील बुचे पाडणारे यंत्र बंद पाडण्यासाठी. पेढीला भय वाटते ते बनावट नाण्यांचे. दुर्मिळता आपोआप टिकत नाही, कोणी तरी तिच्यावर पहारा ठेवावा लागतो, ही गोष्ट या एका प्रसंगात जितकी स्पष्ट होते तितकी अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकातही क्वचितच होत असेल.

युरोपच्या पूर्वेकडे याच प्रथेची एक निराळी शाखा वाढत होती. स्त्रुगात्स्की बंधूंच्या १९७२ च्या एका कादंबरीत निषिद्ध प्रदेशात चोरून शिरून तेथील अद्भुत वस्तू बाहेर आणून विकणाऱ्यांचा एक धंदाच वर्णिलेला आहे. तार्कोव्स्कीने तिच्या आधारे १९७९ साली ‘स्टॉकर’ हा चित्रपट केला, आणि कीव्ह येथील जीएससी गेम वर्ल्ड या संस्थेने २००७ साली त्याच नावाच्या खेळात तो धंदा चेर्नोबिलच्या परिसरात नेऊन बसविला. तेथील दुर्मिळ वस्तू, ज्यांना खेळाडू ‘आर्टिफॅक्ट’ म्हणतात, या आपत्तीतूनच जन्मलेल्या असतात. त्या अंगी बाळगल्याने एखादे बळ लाभते, पण बहुधा किरणोत्साराचा उपसर्गही सोसावा लागतो. मार्गातील सापळा ओळखण्यासाठी पुढे बोल्ट फेकीत पावले टाकणारा हा संग्राहक आपत्तीची पैदास गोळा करतो. ‘फॉलआउट’मधील त्याचा अमेरिकन भाऊबंद मात्र आपत्तीपूर्वीच्या जगाची मालमत्ता वेचीत असतो. पहिल्याचा शोध बाजारासाठी, तर दुसऱ्याचा स्मृतीसाठी.

हा स्मृतीचा शोध पूर्ण रूपाने प्रकटला तो २००८ साली. मालिकेचे हक्क दरम्यान बेथेस्डा या मेरिलँडमधील कंपनीकडे गेले होते, आणि तिने तिसऱ्या खेळात खेळाडूला उंचावरून नकाशाकडे पाहणाऱ्याच्या जागेवरून उचलून उद्ध्वस्त वॉशिंग्टन शहराच्या रस्त्यांवर प्रत्यक्ष उभे केले. या दृष्टिबदलाचे परिणाम दूरगामी झाले. कारण आता प्रत्येक वस्तू कोठे तरी ठेवलेली असणे भाग होते, टेबलावर, फळीवर, एखाद्या सांगाड्याच्या हाताशी, आणि ती तेथेच का ठेवली याचा विचार ठेवणाऱ्याने केलेला असे. याच खेळात व्हॉल्ट-टेक कंपनीच्या जाहिरातीतील हसऱ्या मुलाच्या, व्हॉल्ट बॉयच्या, २० बाहुल्या आल्या. या बॉबलहेड म्हणजे तंजावरच्या डोलणाऱ्या बाहुलीच्या जातीच्याच. मात्र सात बाहुल्या सात मूलगुणांच्या आणि तेरा कौशल्यांच्या. ज्याला बाहुली सापडे त्याच्या त्या गुणात कायमची वाढ होई, आणि खेळाडूला मिळणाऱ्या घरात त्या मांडण्यासाठी एक खास फळीही असे.

या बाहुल्यांचे दुर्मिळत्व संख्येत नव्हते, गमावण्याच्या शक्यतेत होते. सामर्थ्याची बाहुली मेगाटन या गावात, तेथील अधिकारी लुकास सिम्स याच्या घरी ठेवलेली आहे. आणि मेगाटन हे गाव एका न फुटलेल्या अणुबाँबभोवती वसलेले असून तो बाँब मोबदला घेऊन फोडण्याची मुभा खेळाडूला दिलेली आहे. ज्याने ती मुभा बाहुली उचलण्यापूर्वी वापरली त्याच्या फळीवरील एक खाच अखेरपर्यंत मोकळी राहते. दुसरी एक बाहुली रेव्हन रॉक या लष्करी तळात आहे, जेथे कथा खेळाडूला एकदाच नेते आणि मग ते दार कायमचे बंद होते. अशा रीतीने संग्रह हा चारित्र्याचा जमाखर्च झाला. कोणी काय केले, कोठे घाई केली, कोठे थांबून पाहिले, याची नोंद फळीवर दिसू लागली. भरीस भर म्हणजे त्या काळी खेळयंत्रांच्या कंपन्यांनी ‘अचीव्हमेंट’ नावाची बिरुदे देण्याची पद्धत रूढ केली होती, आणि वीसही बाहुल्या जमविणाऱ्याच्या नावापुढे तशी नोंद होऊ लागली.

या खेळाचे अधिक मोठे श्रेय असे की, त्याने संग्राहकालाच कथेचे पात्र केले. गर्डरशेड येथे सिएरा पेट्रोव्हिटा नावाची बाई राहते, जिने न्यूका-कोला या युद्धपूर्व पेयाचे खासगी संग्रहालय थाटले आहे. तिला त्या पेयाच्या ‘क्वांटम’ नावाच्या निळ्या तेजाने चमकणाऱ्या प्रकाराच्या ३० बाटल्या हव्या असतात. त्याच बाटल्यांपासून उत्तम हातबाँबही बनविता येत असल्याने, आपण त्या एका वेड्या बाईच्या हौसेस द्याव्या की आपल्या जिवाच्या रक्षणास, हा प्रश्न खेळाडूपुढे येतो. अगाथा नावाच्या वृद्धेला व्हॉल्ट ९२ मध्ये राहिलेले ‘सॉइल’ स्ट्रॅडिव्हेरियस व्हायोलिन हवे असते. ते १७१४ साली घडविलेले खरेखुरे वाद्य असून आज इत्झाक पर्लमन यांच्याजवळ आहे. रिव्हेट सिटीत अब्राहम वॉशिंग्टन नावाचा गृहस्थ अमेरिकेच्या स्वातंत्र्याचा जाहीरनामा मिळविण्यासाठी खेळाडूला राष्ट्रीय दप्तरखान्यात पाठवितो, आणि तेथे एक यंत्रमानव आपण त्या जाहीरनाम्यावर सही करणारे बटन ग्विनेट आहोत अशा भ्रमात पहारा करीत असतो. ही निवड जाणत्याच्या हातची आहे, कारण खरा ग्विनेट १७७७ साली द्वंद्वयुद्धात मरण पावल्यामुळे त्याच्या हस्ताक्षराचे नमुने अत्यल्प उरले आणि सह्या जमविणाऱ्या संग्राहकांच्या जगात ते अत्यंत महाग समजले जातात. हा यंत्रमानव, शाई आणून दिल्यास, जाहीरनाम्याची बनावट प्रतही करून देतो, आणि ती देऊन खेळाडू वॉशिंग्टनला फसवू शकतो.

परंतु या सर्वांहून बोलका प्रसंग अब्राहम लिंकनच्या वस्तूंचा आहे. इतिहास-संग्रहालयात लिंकनची टोपी, बंदूक व इतर चीजवस्तू विखुरलेल्या असतात, आणि त्यांना तीन गिऱ्हाइके असतात. पळून आलेल्या गुलामांचा पुढारी हॅनिबल हॅम्लिन याला त्या हव्यात, कारण आपल्या लोकांना मुक्तीची खूण दाखवावयाची आहे. गुलामांचा व्यापार करणाऱ्या लेरॉय वॉकरला त्या हव्यात, कारण त्या नष्ट करावयाच्या आहेत. आणि वर उल्लेखिलेल्या वॉशिंग्टनला त्या हव्यात, कारण त्या जतन करावयाच्या आहेत. टोपी तीच, कॅप्स तिघेही मोजतात, पण ती कोणाच्या हाती द्यावी हे ठरविताना भावाचा विचार करणारा खेळाडू स्वतःविषयी काही तरी कबूल करीत असतो.

ऑब्सिडियन या संस्थेने रचलेल्या ‘न्यू व्हेगास’ने याच विषयाला उपहासाची धार दिली. सनसेट सार्सापरिला या पेयाच्या काही बुचांच्या आत निळा तारा असतो. तशी ५० बुचे जमविणाऱ्यास मोठे इनाम मिळते, अशी दोन शतकांपूर्वीच्या जाहिरातीतून उरलेली अफवा मोहावीच्या वाळवंटात पसरलेली आहे. खेळाडू वणवण करून ती जमवितो, कारखान्यात फेस्टस नावाच्या बोलक्या यंत्रापुढे ठेवतो, आणि इनामादाखल त्याला एक बोधकथा ऐकावयास मिळते. मागील खोलीत पाहावे तर मुलांच्या खेळण्यातील बिल्ल्यांच्या राशी. तेथे एक नामांकित लेसर-पिस्तूलही मिळते हे खरे, पण रचनाकारांचा टोला कोणावर आहे हे लपत नाही. याच्या उलट टोकाला न्यू व्हेगास शहराचा धनी मिस्टर हाऊस हा आठ लाखांहून अधिक कॅप्स खर्चून प्लॅटिनम चिप नावाची एकच वस्तू शोधवीत असतो, जी युद्धाच्या आदल्या दिवशी, २२ ऑक्टोबर २०७७ रोजी, तयार होऊनही वेळेवर पोहोचली नाही. बर्फाचे देखावे असलेले काचगोळेही तो दर नगास २,००० कॅप्स देऊन घेतो. राज्याचे भवितव्य आणि पर्यटकांचे खेळणे या दोहोंसाठी खरेदीदार एकच, ही गोष्ट त्या पात्राविषयी पुष्कळ सांगून जाते.

२०१५ च्या चौथ्या खेळात एक शांत क्रांती झाली. पूर्वी जो केर केवळ दृश्याची भर म्हणून पडलेला असे, तो आता मोडून त्यातून धातू, स्क्रू, डिंक मिळू लागला. जुना टेबलपंखा स्क्रूंसाठी आणि चिकटपट्टीचे रीळ डिंकासाठी मोलाचे ठरले, आणि खेळाडू भंगारवाल्याच्या नजरेने सारा मुलूख पाहू लागला. बाहुल्या याही खेळात राहिल्या, पण शोधाचा मोठा भाग उपयुक्ततेने व्यापला.

खरे स्थित्यंतर २०१८ च्या ‘फॉलआउट ७६’ ने घडविले. आता एकाच मुलखात, वेस्ट व्हर्जिनियाच्या डोंगरांत, अनेक खेळाडू एकाच वेळी हिंडू लागले. बाहुल्या एकदा वापरल्या की संपणाऱ्या झाल्या आणि त्यांच्या जागा फाशावर सोपविल्या गेल्या. एकाने उचलली तर मागून येणाऱ्यास ती जागा रिकामी दिसे. सामान साठविण्याच्या पेटीला आरंभी ४०० पौंडांची मर्यादा होती, ती पुढे वाढत १,२०० पर्यंत गेली. तरी संग्राहकाला काय ठेवावे आणि काय टाकावे ही विवंचना सुटली नाही. २०१९ मध्ये खेळाडूंना स्वतःच्या छावणीत विक्रीयंत्रे मांडता येऊ लागली आणि पाहता पाहता पेठ उभी राहिली. कॅप्स बाळगण्यास कमाल मर्यादा असल्याने फार मोलाच्या वस्तूंचा सौदा वस्तुविनिमयानेच होई, आणि खेळात अशा अदलाबदलीची हमी देणारी सोय नसल्याने ‘कुरिअर’ नावाचे मध्यस्थ पुढे आले, जे दोन्ही पक्षांचा माल आपल्या ताब्यात घेऊन केवळ स्वतःच्या नावलौकिकावर व्यवहार पुरा करीत. जामीन, दलाल आणि अडत यांची सारी व्यवस्था कोणत्याही कायद्याविना पुन्हा जन्मास आली.

या पेठेतील एक दुर्मिळ माल म्हणजे फासनाख्टचे मुखवटे. हेल्व्हेशिया हे वेस्ट व्हर्जिनियातील खरे गाव स्विस वसाहतकारांनी १८६९ साली वसविले, आणि तेथे आजही हिवाळ्याला निरोप देण्यासाठी फासनाख्ट हा मुखवट्यांचा उत्सव होऊन हिवाळ्याच्या बुजगावण्याचे दहन होते. खेळात त्या गावची माणसे नाहीशी झाली आहेत, पण यंत्रमानव मिरवणूक काढीतच राहिले आहेत. खेळाडूंनी त्यांचे रक्षण करावे आणि बक्षिसादाखल मुखवटा मिळवावा. बहुतेकांना साधे मुखवटे मिळत. ‘ओल्ड मॅन विंटर’चा मुखवटा फार थोड्यांना. त्याचा भाव मात्र कंपनीच्या मर्जीवर अवलंबून राहिला, कारण ती एखादी वस्तू पुन्हा सढळ हाताने वाटू लागली की दर कोसळत. नव्याने मिळेनाशी झालेली ‘लेगसी’ म्हणविली जाणारी जुनी शस्त्रे २०२३ च्या आरंभी एका फर्मानासरशी निष्प्रभ झाली, तेव्हा ज्यांनी त्यांतच आपली दौलत गुंतविली होती ते एका दिवसात कंगाल झाले.

या इतिहासाचा निष्कर्ष काढावयाचा तर असा की, वस्तू किती थोड्या आहेत यापेक्षा त्या कोणी आणि कशासाठी ठेवल्या, यावर संग्रहाचे मोल अधिक अवलंबून असते. २००८ च्या बाहुल्या ज्याला खेळ घेता येतो त्या प्रत्येकाला सापडू शकतात, म्हणजे बाजाराच्या हिशेबाने त्या मुळीच दुर्मिळ नाहीत. परंतु प्रत्येक शोधणारा त्या जागी पहिला पोहोचलेला असतो, आणि ठेवणाऱ्याने योजलेला प्रसंग त्याच्या वाट्याला पूर्ण येतो. ७६ मधील मुखवटा खरोखरच थोड्यांजवळ आहे, पण तो फाशाने पडला आहे, कंपनीच्या यंत्रकोठारात राहतो, आणि ती यंत्रे ज्या दिवशी बंद होतील त्या दिवशी त्याची नोंदही उरणार नाही. १९९७ चा खेळ मात्र आजही कोणाच्याही घरच्या संगणकावर सुरू होतो, आणि नशीब पुरेसे असणाऱ्यास मखमलीवरचा एल्व्हिस अद्याप सापडतो. प्रलयानंतर काय टिकते हे सांगण्यासाठी रचलेल्या या मालिकेने आपल्या स्वतःच्या दुर्मिळ वस्तूंपैकी कोणत्या टिकाऊ आहेत याचेही उत्तर अशा रीतीने, बहुधा अजाणता, देऊन ठेवले आहे.