लातिनो डब मॉड : बुदोकाई तेनकाइची ३

‘ड्रॅगन बॉल झी : बुदोकाई तेनकाइची ३’ या लढतीच्या व्हिडिओ गेममधले मूळ संवाद काढून त्या जागी लॅटिन अमेरिकी स्पॅनिश आवाज बसवलेल्या, चाहत्यांनी तयार केलेल्या आवृत्त्या. स्पाइक या जपानी कंपनीने बनवलेला हा गेम २००७ मध्ये प्लेस्टेशन २ व निन्टेन्डो वी यांसाठी निघाला. त्यात दीडशेहून अधिक पात्रे आहेत. ती बोलतात मात्र जपानीत किंवा इंग्रजीत.

पार्श्वभूमी : गेम ज्या ‘ड्रॅगन बॉल’ या जपानी अॅनिमेशन मालिकेवर आधारलेला आहे, तिचे लॅटिन अमेरिकी स्पॅनिश डबिंग मेक्सिको सिटीत इंटरट्रॅक स्टुडिओत ग्लोरिया रोचा यांच्या दिग्दर्शनाखाली झाले आणि १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात ते लॅटिन अमेरिकेत घरोघरी पोचले. मालिकेचा नायक गोकू याला प्रौढपणी मारिओ कास्तान्येदा, व्हेजिटाला रेने गार्सिया आणि पिकोलोला कार्लोस सेगुंदो यांनी आवाज दिला. जपानीत गोकू आणि त्याची दोन्ही मुले यांचा आवाज एकट्या मासाको नोझावा यांचा आहे. मेक्सिकोत लहानपणीचा गोकू लाउरा तोरेस यांच्याकडे, तर त्याचा मुलगा गोहान मोठेपणी लुइस अल्फोन्सो मेंदोसा यांच्याकडे होता. या आवाजांवर वाढलेल्या पिढीला इंग्रजीत ओरडणारा गोकू परका वाटला, यात नवल नाही.

कृती : गेमच्या डिस्कवरील एएफएस संग्रह (अनेक फायली एकत्र बांधलेली फाइल) उघडून त्यातल्या ध्वनिफायली एकेक करून बदलतात. नवी फाइल जुनीपेक्षा मोठी झाली, तर संग्रह नव्याने बांधावा लागतो. ध्वनीचा नमुनादर (सॅम्पल रेट) चुकला, तर आवाज चिरका किंवा घोगरा होतो. पण खरी कसोटी कानाची. शक्तिलाट सोडताना मालिकेतली पात्रे देतात त्या ‘कामेहामेहा’च्या आरोळीखाली शुन्सुके किकुची यांचे संगीत आणि स्फोटांचा गडगडाट असतो. त्यातून आवाज तेवढा वेगळा काढायचा आणि पडद्यावरची शक्तिलाट सुटते त्याच क्षणी शेवटचे अक्षर पडेल असा कापायचा. ठोसा खाल्ल्यावरचे हुंकार निर्भेळ मिळणे त्याहून दुर्मीळ. मालिकेत कधीच समोरासमोर न आलेली पात्रे गेममध्ये लढतीआधी बोलतात. त्या संवादांना मूळ ध्वनिमुद्रण नसते. तिथे दुसऱ्या प्रसंगातले वाक्य जुळवतात, नाहीतर हौशी कलावंत हुबेहूब आवाज काढतात. चांगला मॉड ओळखावा तो अशा जोडकामावरून. नव्या पात्रांची किंवा पोशाखांची भर ही त्यापुढे दुय्यम बाब होय.

संगीत : बऱ्याच आवृत्त्यांत मालिकेतील गाणी घातलेली आढळतात, रिकार्दो सिल्वा यांच्या आवाजातले स्पॅनिश शीर्षकगीत विशेष लोकप्रिय आहे.

स्पेन : तेथील कास्तिलियन स्पॅनिश डबिंग स्वतंत्र आहे.

वापर : संगणकावर पीसीएसएक्स२ किंवा डॉल्फिन या एम्युलेटरांवर (कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रणालींवर), तसेच फेरफार केलेल्या कन्सोलवरही.

हक्क : गेम आणि मालिकेचे ध्वनिमुद्रण दोन्ही हक्कसंरक्षित असून हे मॉड अनधिकृत आहेत. कलावंतांच्या आवाजाचा प्रश्न यापेक्षा नाजूक आहे. जुन्या ध्वनिमुद्रणातले वाक्य उचलणे आणि कृत्रिम बुद्धिमत्तेने त्याच कलावंताच्या आवाजात नवे वाक्य घडवणे, यांत फरक केला पाहिजे. विनासंमती होणाऱ्या अशा आवाज-नकलेविरुद्ध मेक्सिकोतील डबिंग कलावंतांनी २०२५ मध्ये मेक्सिको सिटीत निदर्शने केली व कायद्याने संरक्षण मागितले.